साडेदहाचे भाऊ

बुलढाणा जिल्ह्याचे घाटावरचा आणि घाटाखालचा असे दोन भाग आहेत आणि त्यांचं सहसा एकमत होत नाही. चिखली-मेहकरकडच्या माणसाला खामगाव-शेगावचं ऊन सोसत नाही, आणि मलकापूर-नांदुऱ्याच्या माणसाला बुलढाण्याची थंडी मानवत नाही. पण सकाळी साडेदहाला सगळा जिल्हा एक होतो. तालुक्याच्या कोणत्याही कचेरीत, बँकेत, अडतीच्या दुकानात किंवा शाळेच्या स्टाफरूममध्ये त्या सुमारास एक खुर्ची मागे सरकते, पेनाला टोपण बसतं आणि ‘चला’ एवढा एकच शब्द ऐकू येतो. हे साडेदहाचे भाऊ. त्यांचं वय, हुद्दा, जात, पक्ष काहीही असो, काही लक्षणं ठरलेली असतात. भूक लागली असं ते कधी म्हणत नाहीत, ‘चहा घेऊन येऊ’ म्हणतात. ते एकटे जात नाहीत, कारण एकट्यानं खाल्लं तर ती खादाडी ठरते आणि तिघांनी खाल्लं तर तो शिष्टाचार होतो. टेबलावर ते चष्म्याचं घर उघडं ठेवतात, पंखा चालू ठेवतात, म्हणजे येणाऱ्याला वाटावं की साहेब आत्ता तर इथे होते. ‘घरून काही खाऊन नाही आलात का?’ असं विचारलं तर त्यांचं उत्तर तयार असतं : ‘खाल्लं ना. पण थे सकायचं होतं.’

या उत्तराला लोक हसतात, पण त्यात एक सिद्धान्त आहे आणि तो बिनतोड आहे. सकाळी आठला जे पोटात जातं ते घरातून बाहेर पडण्यासाठी, आणि दिवस सुरू झाल्यावर जी लागते ती न्याहारी. हा हिशेब भाऊंनी शोधलेला नाही. तो वावरातून आला आहे. शेतावरचा माणूस दिवस उगवायच्या आत चहा पिऊन, फार तर रात्रीच्या भाकरीचा तुकडा मोडून निघायचा. ऊन चढलं की औत थांबायचं, बैलांची मान मोकळी व्हायची आणि धुऱ्यावरच्या बाभळीखाली फडकं सुटायचं. ज्वारीची भाकर, मिरचीचा ठेचा, बुक्कीनं फोडलेला कांदा. निंदणाला आणि कापूस वेचायला जाणाऱ्या बाया आजही अशाच गोल करून बसतात, आणि एकीच्या डब्यातली अंबाडी दुसरीच्या भाकरीवर जाते. या जेवणाची प्रतिष्ठा किती, हे पाहायचं तर शेगावकडे पाहावं. २३ फेब्रुवारी १८७८ रोजी गजानन महाराज तिथे पहिल्यांदा लोकांच्या दृष्टीस पडले ते उष्ट्या पत्रावळीवरची शितं वेचून खाताना, असं चरित्र सांगतं. त्यांना आजही आवडीचा म्हणून जो नैवेद्य दाखवतात तो पिठलं-भाकर, अंबाडीची भाजी, कांदा आणि हिरवी मिरची. म्हणजे जिल्ह्यातल्या सर्वांत मोठ्या देवस्थानाचा नैवेद्य आणि वेचणीवाल्या बाईची न्याहारी यांत पदार्थांचा फारसा फरक नाही. भाऊंच्या आज्यानं वावर कसलं, बापानं नोकरी धरली, भाऊंनी खुर्ची धरली. औत गेलं, बैल गेले, पण पोटातलं घड्याळ मात्र वारसाहक्कानं आलं. सातबाऱ्यावरून नाव कमी झालं तरी न्याहारीवरचं झालं नाही.

भाकरीच्या जागी कचोरी कशी आली, त्याचा इतिहास रेल्वेनं लिहिला आहे. फाळणीनंतर पंजाबातून आलेल्या तीरथराम शर्मा यांनी १९५०च्या सुमारास शेगाव स्थानकावर कचोरी विकायला सुरुवात केली. मुंबई-हावडा मार्गावर गाडी जेमतेम दोन मिनिटं थांबायची. तेवढ्यात खिडकीतून हातात देता येईल, सांडणार नाही आणि गार झाली तरी चालेल असा पदार्थ हवा होता. पंजाबी माणसानं केलेली, रेल्वेनं गावोगाव नेलेली ही वस्तू पाऊणशे वर्षांत इतकी वऱ्हाडी झाली की आता पाहुणे दर्शनाचा अंगारा आणि कचोरीचा पुडा एकाच पिशवीतून नेतात. भाऊ ती खातात ते मात्र पाहण्यासारखं असतं. कढईतून निथळलेली कचोरी कागदावर येते. भाऊ ती लगेच मोडत नाहीत. आधी अंगठ्यानं मधोमध हलकेच दाबतात. पापुद्रा कुरकुरतो, भोकातून वाफ निघते, ती वाफ जाऊ देतात, मग आतल्या डाळीच्या तिखट सारणाला तळलेल्या मिरचीचं टोक लावून पहिला घास. त्यानंतर मिनिटभर ते बोलत नाहीत. दिवसभरात भाऊ गप्प बसतात असं हे एकमेव मिनिट, आणि तेवढ्यासाठी सहकाऱ्यांनी कचोरीचं ऋण मानायला हरकत नाही. या सुखाचं कारण चवीपलीकडचं आहे. घरचा नाष्टा दुसऱ्यानं ठरवलेला असतो, दुपारचा डबा दुसऱ्यानं भरलेला असतो, रात्रीचं जेवण तर मालिकेच्या वेळेवर ठरतं. चारांतला हा एकच घास भाऊंच्या मर्जीचा. तिथे पोहे पुन्हा का, असं विचारता येतं, आणि विचारल्याचे परिणाम संध्याकाळी भोगावे लागत नाहीत.

यावर पहिला आक्षेप हिशेबी आहे. राज्य सरकारी कार्यालयांना २९ फेब्रुवारी २०२० पासून पाच दिवसांचा आठवडा मिळाला आणि त्याच्या बदल्यात कामाची वेळ पावणेदहा ते सव्वासहा झाली. जेवणाची सुट्टी दुपारी एक ते दोनच्या दरम्यान, तीही फार तर अर्धा तास. मग पावणेदहाला बसलेला माणूस साडेदहाला कसला थकला? प्रश्न रास्त आहे. पण अपडाऊन करणाऱ्याचा दिवस पावणेदहाला सुरू होत नाही. त्यानं घरी साडेसातला दोन घास गिळलेले असतात, एसटीत उभ्यानं घाट चढलेला असतो, आणि एक वाजायला अजून सव्वातीन तास असतात. माणसाचं पोट शासन निर्णयानं पुढेमागे सरकत नाही, हे जगभर मान्य झालं आहे. इंग्रजांनी या खाण्याला अकराच्या आकड्यावरूनच ‘इलेव्हन्सेस’ असं नाव दिलं, जर्मन लोक सरळ ‘दुसरी न्याहारी’ म्हणतात, आणि म्युनिककडे पांढऱ्या सॉसेजला दुपारी बाराचे टोल ऐकू येता कामा नयेत अशी म्हणच आहे. आपल्याकडे असा नियम नाही, तरी शेगावची ताजी कचोरी बारापर्यंत टिकल्याचं फारसं कोणी पाहिलेलं नाही.

दुसरा आक्षेप डॉक्टरांचा : मैदा, तेल, वर साखरेचा चहा, आणि भाऊंच्या पोटाचा घेर. याला भाऊंचं उत्तर असतं की आजा रोज न्याहारी करून नव्वद वर्षं जगला. हा युक्तिवाद टिकत नाही, कारण आजा न्याहारीनंतर पुन्हा औतामागे चालायला लागायचा आणि भाऊ पुन्हा खुर्चीत बसतात. वारसा घ्यायचा तर कर्जासकट घ्यावा लागतो. इथे भाऊंच्या बाजूनं एवढंच म्हणता येईल की न्याहारीचा हक्क वेळेचा आहे, तेलाचा नाही. साडेदहाला उठावं, चार पावलं चालावं, फुटाणे खावेत, पेरू खावा, आठवड्यातून एकदा कचोरी खावी. भाऊ हे ऐकतात, मान डोलावतात आणि विचारतात, ‘मग आज कोणता वार आहे?’

तिसरा आक्षेप कोणी घेत नाही, आणि तोच सर्वांत वजनदार आहे. भाऊंनी सकाळी आठला जे ‘सकायचं’ खाल्लं, ते करणाऱ्या वहिनी तेव्हा जेवल्या नव्हत्या. पोरांची शाळा, भाऊंचा डबा, सासऱ्यांची गोळी, धुणं-भांडी उरकून त्या पाट घेतात तेव्हा घड्याळात साडेदहाच वाजलेले असतात. म्हणजे जिल्ह्यात एकाच मिनिटाला भाऊंची दुसरी न्याहारी आणि वहिनींची पहिली चालू असते. भाऊंचा आठचा पोहा गरम होता. वहिनींच्या वाट्याला कढईच्या तळाचा आलेला असतो. तसंच कचेरीच्या बाकड्यावर उताऱ्यासाठी बसलेली म्हातारी. सकाळच्या पहिल्या एसटीनं आलेली, फडक्यातली भाकर अजून न सोडलेली, कारण ती खायला बसली आणि साहेब आले तर नंबर जायचा. न्याहारीचा सिद्धान्त खरा असेल तर तो या दोघींनाही लागू आहे. वावरातल्या न्याहारीत अशी विषमता नव्हती असं नाही, पण तिथला एक रिवाज निर्विवाद होता : औत थांबलं की सगळ्यांचं थांबायचं, आणि बैलाच्या तोंडापुढे कडब्याची पेंढी टाकल्याशिवाय माणूस फडकं सोडत नसे.

तेव्हा निकाल असा. साडेदहाची न्याहारी हा चोचला नव्हे, जुना आणि सिद्ध झालेला हक्क आहे; भाऊंनी तो बिनदिक्कत बजावावा, चहाचं निमित्त न करता, उघडपणे ‘भूक लागली’ म्हणून. मात्र उठण्याआधी बाकड्यावरच्या म्हातारीचा कागद सही करून द्यावा. आणि रविवारी साडेदहाला, जेव्हा कचेरी बंद असते आणि भाऊंना घरात करमत नाही, तेव्हा गावात जाऊन पाच कचोऱ्या आणाव्यात आणि पहिली, गरम असतानाच, वहिनींच्या हातात द्यावी.