एकखांबी तंबूचे अर्थशास्त्र

भयपट, थरारपट, मारधाडपट असे ठरलेल्या साच्याचे चित्रपट जेव्हा स्वतंत्रपणे, म्हणजे मोठ्या निर्मितिसंस्थेच्या पैशाविना, काढले जातात, तेव्हा लेखन, दिग्दर्शन, छायाचित्रण आणि संकलन एकाच इसमाने उरकण्याची जी प्रथा आढळते, तिला समीक्षक बहुमुखी प्रतिभा म्हणतात आणि हिशेबनीस वेतनबचत. सुमारे ७,००० डॉलरांत चित्रित झालेल्या ‘एल मारियाची’ (१९९२) या मारधाडपटात रॉबर्ट रॉड्रिगेझ यांनी ही चारही कामे केलीच, शिवाय भांडवलासाठी औषधचाचणीत स्वतःचा देहही वापरू दिला. पदरमोडीचा याहून शब्दशः अर्थ कोशातही सापडणार नाही. कॅमेरा सरकवण्यासाठी रुळांऐवजी चाकांची खुर्ची आली, संवाद वेगळे ध्वनिमुद्रित झाले आणि जेथे ओठ व आवाज यांचा मेळ बसेना, तेथे संकलकाने झटकन दुसऱ्या दृश्यावर उडी मारली, जिला पुढे वेगवान शैली हे भारदस्त नाव प्राप्त झाले. या पद्धतीचा गुण असा की दिग्दर्शक आणि संकलक यांच्यात वाद होत नाही, आणि दोषही तोच. श्रेयनामावलीत एकच नाव वारंवार झळकणे मात्र अशोभनीय असल्याने, ‘ब्लड सिंपल’ या चित्रपटापासून चित्रपटकर्त्या कोएन बंधूंनी स्वतःच्या संकलनावर रॉडरिक जेन्स या काल्पनिक गृहस्थाचे नाव घातले, ज्याला पुढे ऑस्करचे नामांकन दोनदा मिळाले, यावरून या व्यवसायात चार कामे करणाऱ्या खऱ्या माणसापेक्षा एकही काम न करणाऱ्या खोट्या माणसाला अधिक भवितव्य असल्याचे सिद्ध होते.