मुदतवाढीचे खमंग न्यायशास्त्र

भारतीय रेल्वेच्या फलाटावरील खाद्यस्टॉलचा परवाना हा ठरावीक मुदतीचा करार असून, ती मुदत संपताच त्याचे खरे आयुष्य सुरू होते. 2010 चे खानपान धोरण 2017 मध्ये बदलले, तरी परवानाधारक उपजीविकेच्या हक्काचा, रेल्वे निविदेचा आणि न्यायालय स्थगितीचा, म्हणजे ‘आहे ते तूर्त तसेच राहू द्यावे’ या आदेशाचा, आधार घेते, ही व्यवस्था स्तुत्यच होय. तिचा लाभ प्रवाशालाही मिळावा: त्याने ‘रास्त अपेक्षा’, अर्थात प्रशासनाच्या पूर्वीच्या वागणुकीतून उपजणारा भरवसा, पुढे करून कल्याणला उतरण्याऐवजी अंतिम सुनावणीपर्यंत बर्थ ताब्यात ठेवावी. समोशाच्या नूतनीकरणासाठी मात्र याचिका लागत नाही. ते कढईतच मंजूर होते.