ड्रॅगनची पदस्थापना : उमरी तालुक्यापुरत्या सूचना

कल्पित जग उभारायला घेतलेल्या मराठी लेखकाचे सुरुवातीचे दिवस मजेत जातात. नकाशा काढून होतो, नद्यांना नावं मिळतात, राजघराण्यात भाऊबंदकी लावून दिली जाते, एखादी शापित राजकन्या तळघरात ठेवली जाते. मग ड्रॅगन येतो आणि काम अडतं. कारण युरोपातून आलेल्या साच्यात ड्रॅगनला करण्यासारखं फारसं नसतंच. डोंगराच्या पोटात सोन्याच्या ढिगावर झोपायचं, कुणी एखादा प्याला पळवला की खवळून उठायचं, दोन-चार गावं जाळायची आणि अखेरीस वीराच्या हातून मरायचं. जुन्या इंग्रजी ‘बेवुल्फ’ काव्यातला ड्रॅगन हेच करतो. टोल्किनच्या 1937 सालच्या ‘द हॉबिट’मधला स्मॉगही प्याल्यापायीच उठतो आणि छातीवरच्या एका उघड्या जागी बाण लागून तळ्यात कोसळतो. नांदेड जिल्ह्यातल्या उमरीत, म्हणजे रेल्वेने मुदखेड सोडल्यावर धर्माबादच्या आधी लागणाऱ्या गावात, कथा घडवायची असेल तर हा साचा चालणार नाही. इच्छुक लेखकांसाठी मुख्य सूचना एकच आहे: आपल्याकडे अजस्र सर्पाला मारून टाकायची रीत नाही, त्याला कामाला लावायची आहे. म्हणून ड्रॅगनचा रंग, लांबी, नखं वगैरे तपशील मागाहून पाहावेत. आधी त्याचं पद ठरवावं.

पुराव्यासाठी दूर जायला नको. शेषाकडे पृथ्वी पेलण्याचं काम आहे आणि त्याच्याच अंगावर विष्णूही झोपतो. दोन पदांचा कार्यभार एकाकडे, आणि अतिरिक्त कार्यभाराच्या भत्त्याची नोंद कुठल्याच पुराणात नाही. वासुकीला समुद्रमंथनात दोर केलं. कालियाने यमुना नासवली, तरी कृष्णाने त्याला ठार केलं नाही. भागवतातला निकाल बारकाईने वाचण्यासारखा आहे. कालियाने यमुना सोडून रमणक बेटावर परत जावं, आणि ज्या गरुडाच्या भीतीने तो तिथून पळाला होता त्या गरुडाने त्याच्या फण्यांवर उमटलेली कृष्णाची पावलं पाहून त्याच्या वाटेला जाऊ नये. याला शिक्षा म्हणणं जड जातं. ही मूळ गावी बदली आहे, तीही पोलीस संरक्षणासह. जनमेजयाने सगळे सर्प आगीत घालायला सत्र मांडलं, पण तक्षक पडणार इतक्यात आस्तिक आला आणि सत्र थांबलं. आस्तिक हा वासुकीच्या बहिणीचा मुलगा. मामाकडच्या माणसांसाठी भाच्याने शेवटच्या क्षणी स्थगिती आणावी, यातलं काहीही मराठी वाचकाला फोडून सांगावं लागत नाही. अघासुराला मात्र खरंच मारावं लागलं. तो अजगर होऊन जबडा पसरून पडला होता, गोपाळ गुहा समजून आत शिरले आणि कृष्णाने आत जाऊन, वाढून, त्याचा जीव घेतला. पण भागवत पुढे सांगतं की त्याचं वाळलेलं कातडं व्रजातल्या मुलांना खेळायला गुहा म्हणून बरेच दिवस उपयोगी पडलं. ज्याला जिवंतपणी पद देता आलं नाही, त्याचीही अखेर सार्वजनिक सोय झाली.

नेमणुकीची ही पद्धत दगडातही पाहायला मिळते. देगलूर तालुक्यातल्या होट्टलला कल्याणी चालुक्यांच्या काळातली मंदिरं आहेत. लेखकाने तिथे एक दिवस घालवावा आणि मग राज्यभरची जुनी शिवालयं याच नजरेने पाहावीत. मगरीचं तोंड आणि भलत्याच कुणाचं शेपूट असलेला मकर गाभाऱ्यातल्या अभिषेकाचं पाणी बाहेर सोडायच्या कामावर असतो. गंगेचं वाहन म्हणून मिरवणाऱ्या जिवाला पन्हळीवर बसवलं आहे. उंबरठ्यावर आणि चौकटीवर कीर्तिमुख असतं, आणि त्याची कथा तर आस्थापना विभागातल्या प्रत्येकाने वाचावी अशी. जालंधराचा निरोप घेऊन राहू शिवाकडे आला. निरोप असा होता की शिवाच्या भ्रुकुटीतून एक भयंकर भुकेला प्राणी बाहेर पडला आणि राहूवर धावला. राहू शरण आला, त्याला सोडावं लागलं. मग त्या प्राण्याने विचारलं, आता मी खाऊ काय? शिव म्हणाला, स्वतःलाच खा. त्याने पायांपासून सुरुवात केली आणि तोंड उरेपर्यंत खाल्लं. शिव इतका प्रसन्न झाला की त्या उरलेल्या तोंडाला त्याने दारावर कायमचं नेमलं. भुकेसकट स्वतःला संपवून फक्त पाहणारा चेहरा शिल्लक ठेवणारा उमेदवार द्वारपालाच्या जागेला याहून पात्र कुठून मिळणार? (हल्लीच्या द्वारपालांची भूक निराळ्या मार्गाने भागते, पण तो निराळ्या मार्गदर्शनाचा विषय.)

इथे एक आक्षेप हमखास येतो: नाग, अजगर, मकर हे सगळं ठीक, पण ड्रॅगन आग ओकतो आणि उडतो, आपल्या सर्पांचं तसं काही नाही. आगीबद्दलचा आक्षेप आदिपर्व न वाचल्यामुळे येतो. मंथनात वासुकीला देव-दानवांनी दोन्हीकडून ओढलं तेव्हा त्याच्या तोंडातून धूर आणि ज्वाळा निघाल्या, त्या धुराचे ढग झाले आणि ते ढग दमलेल्या देवांवर बरसले. म्हणजे आपला सर्प आग तर ओकतोच, वर त्या आगीचा पाऊस करून दाखवतो. नुसती गावं जाळणारा स्मॉग याच्यापुढे नवशिका. पंखांचं उत्तर वेगळं आहे. कश्यपाच्या दोन बायका, कद्रू आणि विनता. कद्रूला नाग झाले, विनतेला गरुड. विष एका घरात गेलं, पंख दुसऱ्या, आणि दोन्ही घरांचं वैर आजतागायत चालू आहे. पंखवाला सर्प हवा असलेल्या लेखकाने आधी ही वाटणी मोडून दाखवावी. मराठवाड्यात एकदा झालेली वाटणी मोडणं ड्रॅगन मारण्याहून अवघड जातं, आणि त्या प्रकरणाचीच स्वतंत्र कादंबरी होईल.

आता प्रत्यक्ष उमरीत कोणती पदं रिकामी आहेत ते पाहू. सगळ्यांच्या मनात पहिलं येणारं पद म्हणजे धनावरचा नाग. जिवाच्या आकांताने पैसा साठवणारा माणूस मेला की नाग होऊन आपल्याच हंड्यावर बसतो, ही समजूत गावोगाव आहे, आणि युरोपी ड्रॅगनशी तिचं नातं सख्खं दिसतं. तरीही हे पद टाळावं. 1878 च्या निखात निधी कायद्यानुसार जमिनीत दडलेलं 10 रुपयांपेक्षा जास्त किमतीचं धन सापडलं तर ते जिल्हाधिकाऱ्यांना लेखी कळवावं लागतं. तेव्हाचे 10 रुपये बरे होते. आज तेवढ्यात हंड्याचं झाकणही येणार नाही, त्यामुळे कुठलाच प्रामाणिक ड्रॅगन या मर्यादेत बसत नाही. शिवाय गुप्तधन शोधण्याच्या निमित्ताने केलेले अघोरी प्रकार महाराष्ट्राच्या 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा ठरवले आहेत, म्हणून हंड्यामागे मांत्रिक घेऊन येणारं उपकथानक थेट पोलीस ठाण्यात जातं. आणि उमरीपुरता सर्वांत मोठा अडथळा इतिहासाचा आहे. जानेवारी 1948 मध्ये हैदराबाद मुक्तिसंग्रामातल्या सैनिकांनी उमरीचीच बँक लुटली आणि पैसा निझामाविरुद्धच्या लढ्याकडे वळवला. या गावातल्या खजिन्याची सर्वांत गाजलेली गोष्ट ही आहे, आणि तिच्यात वाचकाची सगळी माया लुटणाऱ्यांकडे आहे. अशा गावात खजिन्यावर बसणारा ड्रॅगन पहिल्याच पानावर निझामाच्या बाजूचा ठरतो. त्याला मग कितीही करुण भूतकाळ द्या, उपयोग नाही.

खरी जागा पाण्याच्या खात्यात आहे. चिनी ड्रॅगन नद्यांत आणि ढगांत राहतो, पाऊस त्याच्या अखत्यारीत येतो, आणि दुष्काळात लोक त्याचीच आळवणी करतात. ज्या विभागात 2016 साली मिरजेहून लातूरला रेल्वेच्या टाक्यांतून पाणी आणावं लागलं, तिथे असा ड्रॅगन कोण नाकारेल? पण आपल्याकडेही या खात्यातला एक जुना कर्मचारी आहे: वृत्र. ऋग्वेदातला हा अही पाणी अडवून बसला होता आणि इंद्राने वज्राने त्याला मारून ते मोकळं केलं. न्यायाने पाहिलं तर ‘पाणी अडवा, पाणी जिरवा’ या शासकीय घोषणेतला पहिला भाग त्याने इतक्या निष्ठेने राबवला की दुसरा राहूनच गेला. उमरीला लागून असलेल्या धर्माबाद तालुक्यात गोदावरीवर बाभळीचा बंधारा आहे. आजच्या वृत्राचं काय होतं ते तिथे कळतं. बंधाऱ्याची क्षमता 2.74 टीएमसी, खालच्या राज्याने आक्षेप घेतला, प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि 28 फेब्रुवारी 2013 रोजी निकाल लागला. बंधारा राहील, पण 1 जुलै ते 28 ऑक्टोबर या काळात त्याचे दरवाजे उघडे ठेवायचे, 1 मार्चला 0.6 टीएमसी पाणी खाली सोडायचं, आणि देखरेखीला केंद्रीय जल आयोग व दोन्ही राज्यांचे प्रतिनिधी मिळून तिघांची समिती. नदी भरून वाहते तेव्हा अडवायचं नाही, आणि अडवायची परवानगी मिळते तोवर पूर ओसरलेला असतो. वज्राचा घाव एकदाच बसतो, वेळापत्रक दरवर्षी बसतं. उमरीच्या कथेत ड्रॅगनला याच दरवाजांवर नेमावं. नदीत आडवं पडण्याचं त्याचं जन्मजात कौशल्य आणि उठून बाजूला होण्याची ठरलेली तारीख, या ताणात तीन खंडांची मालिका आरामात बसते.

काहींना वाटेल की नोकरीला लागलेल्या ड्रॅगनची दहशत संपते. हा आक्षेप वजनदार आहे, पण तो उलट बाजूने खरा आहे: नेमणुकीचा त्रास ड्रॅगनला होतो. सांगली जिल्ह्यातल्या बत्तीस शिराळ्याला नागपंचमीसाठी जिवंत नाग धरून आणत, त्यांची पूजा होई, मिरवणूक निघे. भाव सगळा आदराचाच होता. तरीही 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या आधारे 2002 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाला हा प्रकार रोखावा लागला. कारण देव म्हणून मडक्यात बसणं नागाच्या प्रकृतीला मानवत नाही, आणि ज्या दुधाचा नैवेद्य गावोगाव नागापुढे ठेवतात ते त्याचं अन्नही नव्हे. कल्पित जगातल्या ड्रॅगनची शोकांतिका इथून घ्यावी. त्याला भाल्याने मारणारा एक वीर परवडला. हळद-कुंकू घेऊन रांगेत उभ्या असलेल्या भक्तांपासून त्याला कोण वाचवणार? अशा ड्रॅगनच्या मनात काय चाललं असेल, याची भीती वाचकाला आपोआप वाटू लागते, आणि त्यासाठी एकही गाव जाळावं लागत नाही.

उरला शेवटचा आणि सर्वांत कडक आक्षेप: वृत्राला तर मारलंच की, मग आपल्याकडे मारत नाहीत हे कसं? मारलं हे खरं; पुढे काय झालं तेही पाहावं. महाभारताच्या उद्योगपर्वात ही हकिगत सविस्तर आहे. वृत्राच्या वधानंतर पापाच्या भयाने इंद्र पळाला आणि कमळाच्या देठात दडून बसला. स्वर्गाचं सिंहासन रिकामं राहिलं. देवांनी घाईघाईने नहुष राजाला त्या जागी बसवलं. प्रभारी पदावरच्या माणसाला होतं तेच नहुषाला झालं: त्याला शची हवी झाली, पालखीला ऋषी जुंपले, आणि त्या मस्तीत त्याने अगस्त्याला लाथ मारली. अगस्त्याने शाप दिला आणि नहुष अजगर होऊन खाली पडला. एक सर्प मारला, त्याने एक जागा रिकामी झाली, आणि त्या जागेवर आलेला माणूस दुसरा सर्प झाला. पुराणकारांनी हिशेब इतका चोख मांडला आहे की ड्रॅगन मारणाऱ्या लेखकाने पुढच्या खंडात त्याच्या जागी कोण येणार हे आधीच सांगावं, नाहीतर मारू नये. नहुष-अजगराची सुटका कशी झाली, तेही वनपर्वात आहे. त्याने वनवासातल्या भीमाला विळखा घातला. दहा हजार हत्तींचं बळ असलेला भीम हललाही नाही. मग धर्मराज आला, अजगराने त्याला ब्राह्मण कोण, जाणण्यासारखं काय, असे प्रश्न विचारले, धर्मराजाने उत्तरं दिली आणि दोघंही मोकळे झाले.

तेव्हा उमरीच्या वीराला शेवटच्या प्रकरणात तलवार देऊ नये. त्याला पॅसेंजरने स्टेशनवर उतरवावं, धर्माबादेच्या वाटेला लावावं आणि बंधाऱ्यापर्यंत जाताना उत्तरं पाठ करायला सांगावं. ड्रॅगन पहिला प्रश्न 28 ऑक्टोबरचा विचारेल, तो सोपा आहे. दुसरा 1 मार्चचा, तोही पाठ करता येतो. तिसरा प्रश्न उन्हाळ्यात उमरीच्या शिवारात पाणी किती असतं हा येईल. तिथे वीराने टीएमसीत उत्तर देऊ नये, घागरींत द्यावं.