सही-शिक्क्यानिशी

माझ्या अहंकाराच्या रक्षणासाठी भारताच्या संसदेने १९७२ साली एक स्वतंत्र कायदा केलेला आहे, हे मी नव्या माणसाशी ओळख झाली की पहिल्या पाच-दहा मिनिटांत कुठून तरी बोलण्यात आणतेच. आर्किटेक्ट्स ॲक्ट. त्यातलं ३७वं कलम सांगतं की दिल्लीच्या कौन्सिल ऑफ आर्किटेक्चरच्या नोंदवहीत ज्याचं नाव नाही, त्याने स्वतःला आर्किटेक्ट म्हणवून घ्यायचं नाही. समोरचा जरा दबतो. मग विचारतो, “आणि घेतलंच म्हणवून, तर?” इथे मी चहा घेणार का म्हणून विचारते. कारण शिक्षा त्याच कलमात आहे आणि ती आहे पहिल्या गुन्ह्याला जास्तीत जास्त ५०० रुपये दंड. एवढ्यात आमच्या सबमिशनच्या प्रिंटासुद्धा निघत नाहीत. दुसऱ्यांदा सापडला तर मात्र सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा १,००० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. म्हणजे तोतया आर्किटेक्टला सरकार दुसऱ्या खेपेपासून मनावर घेतं. तक्रार नाही, खऱ्यांनाही गिऱ्हाइकं साधारण दुसऱ्या कामापासूनच मनावर घेतात.

बी.आर्क.ची पाच वर्षं ज्यांच्या घरात होऊन गेली आहेत त्यांना ती सांगायला नकोत, आणि ज्यांच्या घरात झाली नाहीत ते सुखाने झोपत असत, एवढंच म्हणते. ट्रेसिंगवर रोट्रिंगचा डाग पडला की ब्लेडने खरडायचा, फार खरडला की भोक, भोक पडलं की पहाट. ज्युरीला बाहेरून आलेले सर आपल्या मॉडेलचं छप्पर उचलून बघायचे आणि परत ठेवताना उलटं ठेवायचे. ते उलटंच बरं दिसतंय असं वर्गातल्या निम्म्या लोकांना वाटायचं. या काळात मी काळे कुर्ते आणि जाड काळ्या गोल फ्रेमचा चष्मा वापरू लागले. डोळ्यांना नंबर नव्हता. ल कॉर्ब्युझिएचा तसा होता.

या कॉर्ब्युझिएकडे आर्किटेक्चरची पदवी नव्हती, हे सर आम्हाला मोठ्या कौतुकाने सांगायचे. फ्रँक लॉईड राईट युनिव्हर्सिटी अर्धवट सोडून आलेला. जपानचा तादाओ आंदो तर आधी बॉक्सर होता. ऐकून आम्हाला स्फूर्ती यावी असा सरांचा हेतू असणार. आम्हाला सेमिस्टरची फी आठवायची.

असो. पदवी झाली, अर्ज गेला, आणि दिल्लीहून नोंदणीचं प्रमाणपत्र आलं. नोंदणी क्रमांकाची सुरुवात असते ‘सीए’, मग तिरकी रेघ, मग साल. बाबांनी ते प्रमाणपत्र फ्रेम करून दिवाणखान्यात अशा उंचीवर लावलं की सोफ्यावर बसणाऱ्याला दुसरं काही दिसूच नये. परिणाम असा झाला की जुलै महिन्यात खालच्या मजल्यावरचे काका फॉर्म सोळा घेऊन वर आले. आपल्या बिल्डिंगमध्ये सीए झाली म्हणजे बाहेर कशाला जायचं! मी त्यांना कायदा, कलम ३७, कौन्सिल, सगळं सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, “बरं, पण ऐंशी सी तुला माहितीये ना?”

आता शिक्का. शिक्क्याबद्दल मला सविस्तर बोलायचं आहे. ज्यांना घाई असेल त्यांनी थेट पाटीपाशी भेटावं.

आमच्याकडे कोर्टासमोर, बाँड रायटर आणि झेरॉक्सवाला यांच्यामधल्या फटीत एक शिक्केवाले बसायचे. स्वतः ते कोणीच नव्हते, पण सगळ्यांचा अधिकार त्यांच्या ड्रॉवरमध्ये पडलेला असायचा: तलाठी, सरपंच, हेडमास्तर, नोटरी, पतसंस्थेचे चेअरमन, सगळे उलट्या अक्षरांत. मी प्रमाणपत्राची झेरॉक्स पुढे केली. त्यांनी ती न बघताच विचारलं, “गोल का चौकोनी?”

“गोल.”

“गोल संस्थेला. तुम्ही संस्था आहात?”

त्या वयात मला तसं वाटत होतं, पण कागदोपत्री नव्हते.

“मग चौकोनी. डॉक्टर, इंजिनिअर, सगळे चौकोनीच नेतात.”

“मी आर्किटेक्ट आहे.”

“तेच ते.”

मी पिशवीतून ट्रेसिंगची गुंडाळी काढली. पाच वर्षं लेटरिंग शिकलेल्या मुलीने बाजारी टायपाचा शिक्का घ्यायचा म्हणजे काय! नावाची अक्षरं मी स्वतः काढून आणली होती. दोन अक्षरांमधल्या रिकाम्या जागेवर एक रात्र गेली होती; नाव वर, त्याखाली केसाएवढी बारीक रेघ, रेघेखाली नोंदणी क्रमांक, आणि चारही बाजूंना श्वास घ्यायला मोकळीक. शिक्केवाल्यांनी ते ट्रेसिंग ट्यूबलाइटसमोर धरलं. बराच वेळ बघितलं. मला वाटलं, माझा पहिला रसिक भेटला.

“ताई,” ते म्हणाले, “ही रेघ रबरात येणार नाही. आणि एवढी मोकळी जागा कशाला सोडली? त्यात पत्ता बसेल.”

“पत्ता नकोय. ती जागा तशीच हवी. नाव नीट वाचता आलं पाहिजे.”

“शिक्का कोण वाचतं? आहे का नाही एवढंच बघतात.”

प्रशासनाविषयी इतकं नेमकं विधान मी नंतर कुठल्याही सेमिनारमध्ये ऐकलं नाही. तेव्हा मात्र राग आला. शेवटी रेघ गेली, पत्ता आला, आणि मुठीचा विषय निघाला. आपोआप शाई लागणारा प्लॅस्टिकचा शिक्का नवीन आला होता, तो ‘टिक’ असा वाजायचा. लाकडी मुठीचा ‘ठप्प’ वाजायचा. इमारतीवर जबाबदारी घेणाऱ्या माणसाचा शिक्का ‘टिक’ वाजून कसं चालेल? लाकडी घेतला. जांभळ्या शाईचं पॅड घेतलं. काळी शाई का नको, तर काळी झेरॉक्ससारखी दिसते आणि खरेपणाचा संशय येतो.

घरी आल्यावर सराव. शिक्का मारण्यालाही हात बसावा लागतो. नवखा माणूस तो पॅडवर दाबतो आणि कागदावर हळूच ठेवतो, त्यामुळे मधली अक्षरं कोरडी उमटतात आणि कडेची रेघ फुगते. मुरलेला कारकून पॅडवर दोनदा आपटतो, कागदावर एकदाच, आणि उचलताना मनगट किंचित फिरवतो. शिवाय शिक्का अगदी सरळ उमटला तर तो छापलेला वाटतो. थोडासा तिरका असला की कामाच्या रगाड्यात मारल्यासारखा दिसतो. मी तो सहजपणा साधण्यासाठी वर्तमानपत्राच्या समासावर, दुधाच्या वहीवर, स्वतःच्या तळहातावर शिक्के मारले. आईने किराण्याची यादी पुढे केली, “यावर पण एक मार, वाणी भाव नीट लावेल.” मारला. त्याने लावला नाही. पण यादी हातात घेतल्यावर तो म्हणे क्षणभर उभा राहिला होता.

पाटीची गोष्ट छोटी आहे. आम्हाला जाहिरात करायला बंदी आहे. १९८९ च्या व्यावसायिक आचारसंहितेनुसार आर्किटेक्टने आपलं नाव ऑफिसबाहेर आणि आपण केलेल्या इमारतीवर लावावं, पण अक्षरांची उंची दहा सेंटिमीटरच्या वर जाता कामा नये. माझ्या ऑफिससमोरच्या कोचिंग क्लासवाल्याच्या फ्लेक्सवर त्याच्या नुसत्या मिशा त्याहून मोठ्या होत्या. मी पट्टी घेऊन पेंटरसमोर उभी राहिले. इंग्रजीत ठीक आहे, अक्षर म्हणजे ठोकळा. मराठीत ‘आर्किटेक्ट’ लिहायचं तर डोक्यावर रफार, वेलांटी आणि मात्रा. दहा सेंटिमीटर शिरोरेघेपर्यंत मोजायचे की वेलांटीच्या टोकापर्यंत? आचारसंहितेत याचा उल्लेख नाही. मी शिरोरेघेपर्यंत धरले आणि वेलांटीला मोकाट सोडलं. आज पाहिलं तर ती पाटी दुरून छत्री दुरुस्तीची वाटते.

२०१८ मध्ये बाळकृष्ण दोशींना प्रित्झकर पारितोषिक मिळालं. जन्म पुण्याचा, शिक्षण जे.जे.मध्ये, त्यामुळे दोन दिवस आमच्या नातेवाइकांना आर्किटेक्चर कळत होतं. मावशीने फोन करून विचारलं, “तुझं कधी?” लग्नानंतर हा प्रश्न मला पहिल्यांदाच वेगळ्या विषयावर आला.

आणि मग १७ मार्च २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने माझ्या कायद्याचा खरा अर्थ सांगितला. कलम ३७ ने बंदी आहे ती ‘आर्किटेक्ट’ ही उपाधी लावायला; आर्किटेक्टचं काम करायला नाही. म्हणजे या कायद्यापुरतं बोलायचं तर घराचा आराखडा कोणीही करावा, फक्त नावापुढे काही लावू नये. आठवड्याभरात लॉकडाऊन लागला आणि कोणीही आखलेल्या घरांत सगळ्यांना चोवीस तास राहून बघायला मिळालं.

त्या निकालाचं मला वाईट वाटलं, पण का, हे नीट सांगता येईना. कायद्याचं वाचन बरोबरच होतं. मीच कधी तो कायदा दाराशी पोचेपर्यंत वाचला नव्हता, फ्रेमपर्यंतच वाचला होता. घरात वारा येतो का, जिन्याच्या पायऱ्या सारख्या आहेत का, स्वयंपाकघरात उभ्या बाईच्या डोळ्यांवर ऊन येतं का, यातल्या कशाचीही राखण तो करत नाही. तो माझी राखण करतो. त्यातही माझ्या नावामागच्या एका शब्दाची.

याच सुमारास मिस्त्री माझ्याकडे स्वतःच्या घराचं काम घेऊन आले.

मिस्त्रींबरोबर मी बरीच वर्षं कामं केली आहेत. जमिनीवर फक्की टाकून आखणी करताना ते प्लॅन एकदाच बघतात आणि मग घडी घालून खिशात ठेवतात. कोपरा गुण्यात आहे की नाही हे दोरीवर तीन, चार, पाच मोजून ठरवतात. आर्किटेक्टचं काही चुकलंय असं त्यांच्या तोंडून कोणी ऐकलेलं नाही. ते फक्त विचारतात, “असंच ठेवायचं ना, मॅडम?” त्या ‘ना’नंतर शहाणा आर्किटेक्ट ड्रॉइंग परत उघडतो. भारतातल्या पहिल्या महिला आर्किटेक्ट म्हणून ज्यांचं नाव घेतात त्या १९३६ साली जे.जे.तून बाहेर पडलेल्या पेरीन यांचं आडनावही मिस्त्रीच होतं, हे मी त्यांना एकदा सांगितलं. “मग बरोबर आहे,” म्हणाले. काय बरोबर आहे ते सांगितलं नाही.

तर या माणसाने आयुष्यभर मंजूर इमारती बांधल्या आणि स्वतःचं घर बेकायदा. एक गुंठा, म्हणजे १,०८९ चौरस फूट, शेतजमिनीचा तुकडा, बाँडवर घेतलेला. परवडत होतं तेच घेतलं. गुंठेवारीचा कायदा २००१ चा. २०२१ मध्ये त्यात दुरुस्ती होऊन ३१ डिसेंबर २०२० पर्यंतची बांधकामं नियमित करून घ्यायची सोय झाली, आणि त्यासाठी घराचा नकाशा हवा होता. सही-शिक्क्यानिशी.

आधी घर आणि मग प्लॅन, हे मी तोवर केलं नव्हतं. टेप घेऊन गेले. पहिली खोली मोजली, सवयीने कर्ण घेतला, मग दुसरा कर्ण. दोन्ही सारखे. सुताचाही फरक नाही. दुसरी खोली, तेच. जिन्याची प्रत्येक पायरी सारखी. स्वयंपाकघराची खिडकी पूर्वेला, पण ओट्यापासून हातभर सरकवून, म्हणजे सकाळचं ऊन भांड्यांच्या मांडणीवर पडतं, स्वयंपाक करणारीच्या तोंडावर नाही. मी विचारलं, “हे तुम्हाला कोणी सांगितलं?” मिस्त्री जरा गोंधळले. “बायकोने. ती उभी राहणार ना तिथं.” आम्हाला हे थर्ड इयरला शिकवलं होतं, परीक्षेपुरतं. त्या दिवशी त्यांच्या ओट्याशी बसून मी चहा प्यायले आणि उगाचच चिडचिडले. तीसएक वर्षं याच माणसाने बांधलेल्या भिंतींवर आमची नावं लागत आली, आणि याचं नाव लावायला कायद्यात दहा सेंटिमीटर सोडा, एक रकानासुद्धा नाही.

नकाशा काढला, शिक्का मारला, किंचित तिरका. फाइल गेली आणि शेरा मारून परत आली. कारण विचारायला गेले तर टेबलापलीकडच्या साहेबांनी सांगितलं, “मॅडम, तुमच्या सगळ्या खोल्या काटकोनात आहेत. गुंठेवारीत असं नसतं. जागा न बघता ऑफिसात बसून काढलाय ना प्लॅन? जागेवर येऊन बघावं लागेल.”

आले. बरोबर स्वतःचा टेप आणला होता. एक टोक साहेबांकडे, दुसरं मिस्त्रींकडे. भिंती झाल्या, कर्ण झाले. साहेबांनी टेप दोनदा उलटसुलट करून बघितला. मग जिना चढून उतरले, खिडकीपाशी थांबले, शेऱ्यावर काट मारली आणि एकदम आवाज खाली आणून मिस्त्रींना म्हणाले, “आमच्या बंगल्याचं काम काढायचंय. येता का बघायला?”

“येतो की. आर्किटेक्ट कोण आहे?”

“तुम्ही असल्यावर आर्किटेक्ट कशाला?”

“प्लॅनवर शिक्का लागेल, साहेब.”

साहेबांना पटलं. माझ्याकडे वळून म्हणाले, “मॅडम, नुसत्या सही-शिक्क्याचं काय घेता?”

मी माझी पूर्ण फी सांगितली.

“मग मिस्त्री,” साहेब म्हणाले, “तुम्ही रविवारीच या. एकटे.”