धूळकाका

“आता कोणीतरी एकानं प्रार्थना चालवावी,” असं पाळकसाहेब म्हणतात, तेव्हा त्या ‘कोणीतरी’ला काही अर्थ नसतो. सगळ्या मंडळीला ठाऊक असतं. बायका पदर सावरतात, पोरं बाकाखाली चपला शोधायला लागतात, मधुमेहवाले खिशातली गोळी चाचपून घेतात आणि पुढच्या बाकावरून धूळकाका उठतात. “मी? माझी काय योग्यता?” हे वाक्य ते माइकमध्येच म्हणतात.

असा एक प्रत्येक मंडळीत असतोच. राहुरीला असतो, संगमनेरला असतो, पुण्याला तर असतोच असतो. आमचा नगरचा आहे. शहराचं नाव आता अहिल्यानगर झालं, पण धूळ तीच राहिली, आणि त्या धुळीतली सर्वांत बोलकी आमच्या वाट्याला आली.

नावामागची कथा सरळ आहे. उत्पत्तीच्या अठराव्या अध्यायात अब्राहाम सदोम वाचवण्यासाठी देवाशी घासाघीस करतो. पन्नास नीतिमान सापडले तर? पंचेचाळीस? चाळीस? असं करत करत दहावर येतो. त्या भरात तो स्वतःला धूळ आणि राख म्हणतो. एकदाच म्हणतो, आणि पुन्हा शहराच्या भावाकडे वळतो. काकांनी शहर सोडलं आणि धूळ ठेवली. “हे स्वर्गातील बापा, मी धूळ आहे,” इथून सुरुवात. मग “धुळीचा कण आहे.” मग “तुझ्या चरणांच्या धुळीचा कण होण्याचीही माझी पात्रता नाही.” इथपर्यंत पोचायला सात-आठ मिनिटं जातात, आणि अजून जगातली राज्यकर्ती मंडळी, पाऊसपाणी, आजारी, प्रवासी आणि काकांचा हिंजवडीचा मुलगा बाकी असतो. मुलगा प्रार्थनेत असा येतो: “बापा, तुला ठाऊकच आहे की त्याला नुकतीच बढती मिळाली, तुला ठाऊकच आहे की कंपनी त्याला जर्मनीला पाठवते आहे, आणि हे सगळं आम्हां धुळीला!” देवाला ठाऊकच असतं. आम्हांला ते त्या दिवशी कळतं.

एकटी धूळ असती तरी चाललं असतं. पण मंडळीत आणखी एक वडील आहेत आणि त्यांनी बाविसाव्या स्तोत्रातून किडा उचलला आहे. काकांनी ‘धूळ’ म्हटलं की ते ‘किडा’ म्हणतात. मग पुढच्या रविवारी काका ‘किड्याच्या पायाखालची धूळ’ होतात. हंगामाच्या सणाला उपासनेनंतर आवारात लिलाव होतो, भोपळ्याला, गावरान कोंबडीला, अंड्यांना बोली चढत जाते. आत प्रार्थनेत तोच लिलाव चालतो, फक्त बोली उतरत जाते. एकदा लेंटच्या दिवसांत तरुण संघातला एक मुलगा भाबडेपणानं म्हणून गेला की, प्रभू, माझ्याएवढा पापी कोणी नाही. घरी जाताना काका चांगलेच घुश्शात होते. “काल दृढीकरण झालं या पोराचं. याला पापाचा अनुभव तो काय?”

या धुळीवर विश्वास मात्र ठेवायचा नाही. काका काही वर्षं खजिनदार होते. वार्षिक सभेत तीनशे चाळीस रुपयांचा हिशेब लागेना. एका सभासदानं शांतपणे आठवण करून दिली, की गेल्याच रविवारी काकांनी स्वतःला ‘अविश्वासू कारभारी’ म्हटलं होतं, सगळ्यांनी ऐकलं आहे. काका लालेलाल झाले. “ते मी देवापुढे म्हटलं होतं, कमिटीपुढे नाही!” पुढे ती पावती उपासना संगीताच्या पुस्तकात सापडली, पैसे अगदी चोख होते, पण काका त्या सभासदाशी ख्रिसमसपर्यंत बोलले नाहीत.

आणि तो पंखा. काकांनी चर्चला पंखा दिला तेव्हा नाव घालू नका म्हणाले. पात्यांवर लाल रंगात लिहून घेतलं: ‘प्रभूच्या एका नगण्य दासाकडून’. खाली आद्याक्षरं. अडचण अशी की पंखा फिरायला लागला की दास दिसत नाही. म्हणून मे महिन्यात, बाहेरगावचे पाहुणे आले की, काका उठून हळूच बटण बंद करतात. पाहुणे घाम पुसत वर बघतात. “जाऊ द्या हो,” काका म्हणतात, “धुळीचं कसलं आलंय नाव!”

हा रोग नगरात जन्मला असं कोणी समजू नये. सहाव्या शतकात संत बेनेडिक्टानं आपल्या मठवासीयांसाठी नियम लिहिले, त्यात नम्रतेच्या बारा पायऱ्या आहेत. सातव्या पायरीवर तो बाविसाव्या स्तोत्रातला तोच किडा आणतो, पण बजावतो, की आपण सर्वांहून हीन आहोत हे नुसतं जिभेनं म्हणून भागत नाही, ते काळजाच्या तळापासून वाटलं पाहिजे. म्हणजे आमच्या किड्यावाल्या वडिलांसारखी माणसं त्याच्याही मठात असणार, त्याशिवाय हे लिहावं लागलं नसतं. प्रार्थना थोडक्यात असावी हेही त्यानंच लिहिलं आहे. पुढे बाराव्या शतकात क्लेअरवोच्या बर्नार्डनं तीच शिडी उलटी लावली आणि गर्वाच्या बारा पायऱ्या मांडल्या. त्यातली नववी म्हणजे कबुलीचं सोंग: आपल्या चुका आपणच वाढवून सांगायच्या, आणि समोरच्यानं ‘छे छे’ म्हणावं म्हणून थांबायचं. काका नवव्या पायरीवर कायमचे राहायला गेले आहेत. तिथे त्यांनी पंखासुद्धा बसवला असेल.

पाळकसाहेबांनी उपाय केले नाहीत असं नाही. एका रविवारी त्यांनी लूकच्या अठराव्या अध्यायावर संदेश दिला. दोन माणसं मंदिरात गेली, एक परूशी, एक जकातदार. परूशी आठवड्यातून दोनदा उपास करणारा, उत्पन्नाचा दशांश देणारा; जकातदार लांब उभा राहून ऊर बडवणारा, आणि घरी जाताना नीतिमान ठरलेला. सगळं चर्च काकांच्या पाठीकडे बघत होतं. संदेश संपल्यावर काकांनी पाळकसाहेबांचा हात हातात घेतला. “फार नेमका संदेश! आपले किड्यावाले वडील आज यायला हवे होते.” पुढच्या रविवारी त्यांनी पुढचा बाक सोडला. जकातदार लांब उभा होता ना, तसे ते थेट शेवटच्या बाकावर गेले. माइकची वायर तिथवर पोचेना म्हणून चर्चला बिनतारी माइक घ्यावा लागला. त्या रविवारी प्रार्थनेची सुरुवात होती: “बापा, मी त्या परूशासारखा नाही म्हणून तुझे आभार मानतो.” माझ्या शेजारचे गृहस्थ खोकण्याच्या मिषानं बाहेर गेले ते परत आलेच नाहीत. परूशाची बाजू घ्यायची तर एक गोष्ट सांगायला हवी. त्या बिचाऱ्यानं दोन वचनांत आटपलं होतं.

दुसरा उपाय मूडीचा. डी. एल. मूडी हा अमेरिकन सुवार्तिक लंडनमध्ये सभा घेत होता. तंबूत कोणी तरी लांबलचक प्रार्थना सुरू केली. विल्फ्रेड ग्रेनफेल नावाचा वैद्यकीचा विद्यार्थी कंटाळून उठायच्या बेतात होता, तेवढ्यात मूडीनं जाहीर केलं, की आपले बंधू प्रार्थना संपवताहेत तोवर आपण एक गीत गाऊ या. ग्रेनफेल थांबला, आणि पुढे लॅब्राडोरच्या गोठलेल्या किनाऱ्यावर कोळ्यांचा डॉक्टर झाला. पाळकसाहेबांनी हे वाचलं आणि काका ‘धुळीच्या कणा’पर्यंत आले असताना पेटीवाल्याला खूण केली. नारायण वामन टिळकांचं भजन सुरू झालं. काका थांबले. मग टाळ्या वाजवत सगळ्यांच्या वरच्या पट्टीत गायले, शेवटचं कडवं दोनदा घेतलं, आणि भजन संपल्यावर डोळे मिटून म्हणाले, “आणि हे बापा...”

याच नगरात टिळकांच्या लक्ष्मीबाई राहून गेल्या. स्वतःची फजिती त्यांनी ‘स्मृतिचित्रे’त इतक्या मोकळेपणानं सांगितली आहे, की वाचणारा हसत सुटतो, आणि कुठेही त्यांनी स्वतःला धूळ म्हणवून घेतलेलं नाही. काकांकडे त्या पुस्तकाची जुनी प्रत आहे. पुठ्ठ्यावर धूळ आहे, म्हणजे शब्दशः.

तर असा हा माणूस, आणि गेल्या पावसाळ्यात माझ्या आतेभावाला सरकारी दवाखान्यात ठेवलं तेव्हा पाळकसाहेब नेमके सिनॉडच्या सभेला गेलेले. रात्री नऊला काका आले. रेनकोटातून पाणी गळतंय, हातात भाकरी-पिठल्याचा डबा. मी मनाशी म्हटलं, आता वॉर्डात धूळ. त्यांनी खाटेशी उभं राहून भावाच्या कपाळावर हात ठेवला आणि सुरू केलं. ताप, प्लेटलेट, त्याच्या बायकोची नोकरी, धाकट्याची परीक्षा. संपलंच. शेजारच्या खाटेवरच्या म्हातारीचा मुलगा म्हणाला, “बाबा, आमच्या आईसाठीबी म्हणा की.” काकांनी विचारलं, नाव काय आईचं? मग त्यापलीकडचे शेख चाचा. मग ऊसतोडीला गेलेल्या बापाचं पोर. नावं विसरू नयेत म्हणून त्यांनी औषधाच्या चिठ्ठीच्या पाठीवर लिहून घेतली, आणि एकेकासाठी देवाशी चक्क भांडले. “म्हातारीची साखर उतरव. बरं, सगळी नको, निदान जखम भरेल एवढी. पोराच्या बापाला मुकादमाकडून रजा मिळू दे. आठ दिवस नाही तर चार दे.” मी धुळीची वाट बघत होतो. ती आलीच नाही. एवढ्या नावांत तिला जागाच उरली नव्हती.

निघताना नर्स सहज म्हणाली, “तुमचे हे काका दर बुधवारी असतात, आज सोमवारचेच आले.” दर बुधवारी! जर्मनीची बातमी माइकवर देणाऱ्या माणसानं बुधवारचं अवाक्षरही काढलं नव्हतं. जिन्यात मी त्यांना विचारलं. काका पहिल्यांदाच गोंधळले. रेनकोटाची बटणं चुकीची लावली. “हे चर्चमध्ये बोलू नको रे,” म्हणाले. मी शब्द दिला.

रविवारी काका उठले. “माझी काय योग्यता,” झालं. धूळ झाली, कण झाला. मग जरा थांबले. “आणि हे बापा, या धुळीच्या हातून बुधवारी जे काही घडतं, ते मी इथे कोणालाही सांगणार नाही. ते तुला ठाऊकच आहे.”

महिला मंडळाच्या बाकांवर पाच-सहा डोळे उघडले. पाळकसाहेबांनी पेटीवाल्याकडे पाहिलं.