घनीभूत काळास जाहीर विनंतिपत्र

श्रीमंत कृष्णपाषाण यांचे सेवेसी,
मुक्काम सर्वत्र, प्रांत दख्खन.

सांगलीच्या विश्रामबाग येथील एका अल्पस्वल्प भूखंडाच्या वहिवाटदाराचे कृतानेक साष्टांग नमस्कार, विनंती विशेष. आपण सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी, हाती सनद नाही, कबुलायत नाही, बिनशेतीचा हुकूम तर नाहीच नाही, असे भूगर्भातून द्रवरूपाने वर येऊन ज्या मुलखावर पसरलात, त्यापैकी झीज वजा जाता अजूनही पाच लाख चौरस किलोमीटरांच्या आसपास जमीन आपल्या ताब्यात आहे. इतक्या दीर्घ वहिवाटीविरुद्धचा दावा कोणत्याही अदालतीत मुदतबाह्य ठरेल हे जाणून असल्यामुळे, दिवाणी खर्चात न पडता हे पत्र जाहीरपणे लिहीत आहे.

आपणास नुसते दगड म्हणणे हा आमच्या लोकांचा उद्धटपणा होय. आपण वस्तुतः गोठलेला काळ आहात. विलिंग्डन महाविद्यालय 1919 साली स्थापन झाले एवढ्या प्राचीनत्वावर आमच्या विश्रामबागेचा इतिहासाभिमान पोसलेला असल्यामुळे आपले वय आम्हांस नीट उमगत नाही, हा दोष आमचा. लाव्ह्याचा एक पाट वाहावा, थिजावा, ऊनपावसाने त्याची वरची कांती कुजून तिची माती व्हावी, आणि मग पुढच्या पाटाने येऊन ती माती भाजून, दाबून आपल्या पोटाखाली घ्यावी, अशा क्रमाने आपण थरावर थर चढविलेत. सह्याद्रीत रस्त्यासाठी जेथे कडा कापलेला आहे तेथे पुष्कळदा दोन काळ्या थरांच्या मध्ये तांबड्या मातीचा एक अरुंद पट्टा दिसतो. तो पट्टा म्हणजे दोन उद्रेकांमधला आपला विसावा. वाहत्या लाव्ह्याने पुरुषभर उंचीचा काळा थर ज्या घाईने रचला, त्या मानाने वीतभर तांबड्या मातीला फार मोठा अवधी लागलेला असतो. घाटातून जाणारा प्रवासी मात्र काळ्या कड्याची छायाचित्रे घेतो आणि पट्ट्यावर पानाची पिंक टाकतो.

सांगण्याचा मुद्दा असा की, आपल्या अखंड अंगातून जे पाणी सहसा पाझरत नाही, ते भेगांवाटे उतरून या मऊ पट्ट्यावर अडते, आडवे वाहू लागते, आणि पट्टा ओल्या साबणासारखा निसरडा करून ठेवते. भय आपल्या उद्योगाच्या थरांत कमी आणि विसाव्याच्या थरांत अधिक आहे, ही गोष्ट घाटरस्त्याच्या अंदाजपत्रकात मी तरी वाचलेली नाही.

आता खास विश्रामबागेची तक्रार. आपलेच अंग झिजून झालेली काळी जमीन कृष्णाकाठी खोल साचलेली आहे. ती पावसाळ्यात फुगते, उन्हाळ्यात आक्रसते, आणि ज्याने मुरूम लागेपर्यंत पाया नेलेला नाही त्याच्या दिवाणखान्याच्या भिंतीवर दरसाल आपली स्वाक्षरी तिरकस भेगेच्या रूपाने करून जाते. गिलावा करणारे गवंडी या व्यवहारावर संतुष्ट आहेत, हे न्यायबुद्धीने नमूद करतो. तरीही 2019 च्या ऑगस्टात आयर्विन पुलापाशी कृष्णेचे पाणी 57 फुटांच्या पुढे गेले त्या वेळी गावभागाच्या मानाने आमची वस्ती उंचावर निघाली, ही आपली कृपाच. भेगांचा हिशेब त्या खात्यात वळता करून घेण्यास माझी हरकत नाही.

11 डिसेंबर 1967 च्या पहाटेचा आरोपही आपल्यावर ठेवता येत नाही. कोयनानगर उद्ध्वस्त करणारा, सुमारे दोनशे माणसांचे प्राण घेणारा तो 6.3 तीव्रतेचा भूकंप आपल्या थरांखालच्या ग्रॅनाइटातील भ्रंशाचा होता, आणि त्या भ्रंशास चाळविण्याचे काम कोयनेवर आम्हीच भरलेल्या शिवसागर जलाशयाने केले असे बहुतेक शास्त्रज्ञ मानतात. कराड येथे या भूकंपांच्या अभ्यासासाठी केंद्र सरकारची प्रयोगशाळा आहे, आणि कोयनेच्या परिसरात सुमारे तीन किलोमीटर खोल विंधनविवर घेऊन आपल्याखालचा दगड तपासण्यात आलेला आहे. कोट्यवधी वर्षांच्या वहिवाटीत आपल्या तळघराची झडती घेणारे आम्हीच पहिले.

परंतु 30 जुलै 2014 चे माळीण आणि 22 जुलै 2021 च्या रात्रीनंतरची पाटण तालुक्यातील आंबेघर, मिरगाव ही गावे यांच्या दप्तरात मात्र आपले नाव आरोपी म्हणून लिहिलेले आहे. माळिणीत दीडशेच्या वर माणसे घरांसह दरडीखाली गाडली गेली; पंचनाम्याच्या अर्धवट कोरड्या शाईत ‘नैसर्गिक आपत्ती’ असे शब्द उमटले आणि कारकुनांनी फाइल बांधली. अतिवृष्टी झाली हे खरेच. पण उतारावर यंत्रे चालवून शेते सपाट कोणी केली, ओढ्यांची तोंडे कोणी बुजविली, हे प्रश्न त्या शब्दांमागे लपले. 2011 साली माधव गाडगीळ यांच्या समितीने पश्चिम घाटाच्या नाजूक भागांत खाणी आणि बेदरकार बांधकामे आवरण्याचा सल्ला दिला, तेव्हा तो विकासाचा शत्रू ठरविण्यात आला. 2013 साली कस्तुरीरंगन समितीने त्याला सौम्य केले, तरीही मसुद्यामागून मसुदे निघत राहिले. आपण साडेसहा कोटी वर्षे थांबलात, मग मसुदा कायम होईपर्यंत पावसाळ्यात आपल्या जागी स्थिर राहणे आपणास अवघड का जावे, असा सवाल आमच्या पुढाऱ्यांच्या मनात असावा; तो त्यांच्या वतीने येथे दाखल करतो.

माझे स्वतःचे मत विचाराल तर, श्रीमंत, आपण निर्दोष आहात. आपल्या अंगाची खडी करून आम्ही धरणे, रस्ते आणि विश्रामबागेतले बंगले उभारले, आणि त्याच रस्त्यासाठी आपल्या पायथ्याशी काप घेतला. काप घेणाऱ्याने ढिगारा खाली येण्याची जबाबदारी दगडावर टाकणे ही शुद्ध लबाडी आहे.

या पत्राची एक नक्कल घाटरस्त्यांचे ठेके घेणाऱ्यांस रवाना केली आहे. त्यांस एवढेच कळवितो की, डोंगराचा पायथा कापण्यास घेण्यापूर्वी कापात तांबडा पट्टा लागतो का ते पाहावे, आणि त्यातून पाणी झिरपत असेल तर ते काढून देण्याची व्यवस्था होईतो यंत्र तेथेच उभे करावे.

कळावे, लोभ असावा.