थप्पड, सात गाड्या आणि भगवानदादा

नाही हो वहिनी, तुम्ही अर्धंच ऐकलंय. भगवानदादानं ललिता पवारांना रागानं मारलं, असं कोण म्हणालं? रागबिग काही नव्हता. १९४२ साली ‘जंग-ए-आझादी’चं शूटिंग चाललं होतं, प्रसंगातच थप्पड होती, ती जोरात बसली. डाव्या डोळ्याची शीर दुखावली, चेहरा एका बाजूनं लुळा पडला, तीन वर्षं औषधपाणी. तोवर बाई नायिकेची कामं करायच्या. नंतर नशिबी आल्या त्या खाष्ट सासवा आणि रामायणातली मंथरा. माझं माहेर येवल्याचं, त्याही येवल्याच्याच. म्हणून मला जरा जास्तच लागतं.

पण म्हणून त्या माणसाचं सगळं आयुष्य एका थपडेत गुंडाळायचं? मला नाही पटत.

जन्म अमरावतीचा, १ ऑगस्ट १९१३. म्हणजे आपल्या त्र्यंबकच्या फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ मुंबईत लागला त्याच वर्षीचा. आडनाव पालव. वडील गिरणी कामगार, हाही सुरुवातीला अंगमेहनतीची कामं करायचा. मूकपटांत शिरला, मग मारामारीच्या स्वस्तातल्या सिनेमांचा हिरो झाला आणि १९३८च्या ‘बहादूर किसान’पासून दिग्दर्शकही. नटांच्या कपड्यांपासून जेवणापर्यंत सगळं स्वतःच बघायचा म्हणे. काटकसरी गृहिणीच म्हणा ना!

राज कपूरनं सांगितलं, एकदा कौटुंबिक सिनेमा करून बघ. त्यानं ‘अलबेला’ काढला, १९५१ साली. निर्माता, दिग्दर्शक, हिरो, सगळं हाच. शेजारी गीता बाली आणि संगीत आपल्या पुणतांब्याच्या सी. रामचंद्रांचं. गाणी नीट बघा एकदा. पाय जागचे फारसे हलत नाहीत. कोपरात वाकवलेले हात सावकाश झुलतात, खांदे हलके उडतात, आणि चेहऱ्यावर कसं, लग्नात जबरदस्तीनं नाचायला ओढलेल्या काकांना अचानक मजा यायला लागावी तसं. गीता बाली इतकी चपळ, तरी नजर ह्या गोल गरगरीत माणसावरच जाते. पुढं अमिताभनं तीच ढब उचलली. आपले ह्यांचे मित्र वरातीत नाचतात ना, तेही दुसरं काय असतं?

मग काय, पैसाच पैसा. जुहूला समुद्राकाठी पंचवीस खोल्यांचा बंगला, आणि वाराला एक अशा सात गाड्या! अहो, हसताय काय? आपल्याकडे एक स्कूटर, तीही लेकाच्या ताब्यात.

उतरतीही तितक्याच वेगानं लागली. ‘झमेला’ बेताचाच चालला, ‘लाबेला’ पडला. किशोरकुमारला घेऊन ‘हँसते रहना’ काढला, तो पुराच झाला नाही. बंगला विकला, गाड्या विकल्या, बिऱ्हाड दादरच्या चाळीत. ज्यानं सिनेमे काढले तो दुसऱ्यांच्या सिनेमात दोन मिनिटं नाचण्यापुरता उभा राहायला लागला. एवढा सगळा गोतावळा, पण चाळीचा जिना चढून यायचे ते सी. रामचंद्र, ओमप्रकाश आणि गीतकार राजेंद्र कृष्ण. बाकीचे कुठं गेले ते मी सांगायला हवं का?

चूक त्याचीही होतीच. एकदा जमलं तेच पुन्हा करायला गेला. नावंसुद्धा बघा ना, अलबेला, झमेला, लाबेला! पण गणपतीची मिरवणूक चाळीवरून जाताना थांबायची, ‘अलबेला’चं गाणं वाजवायची आणि हा खाली उतरून दोन पावलं टाकायचा, असं दादरकर अजून सांगतात. २००२च्या फेब्रुवारीत दादरलाच गेला. २०१६मध्ये त्याच्यावर ‘एक अलबेला’ निघाला, मंगेश देसाईनं काम छान केलंय. पण तो नंतर. आधी अस्सल बघायचा.

उद्या दुपारी या इकडे, ‘अलबेला’च लावू. तुमच्या मालिकेचा एक भाग बुडाला तरी ती सासू परवासुद्धा चहात काहीतरी कालवतच असणार.